सिस्टरांचं कोड नंबरांचं रजिस्टर

१२ ऑगस्ट. डेअरीतून तीनला सुटले, घरी येऊन चहा घेतला आणि खालच्या दोन खोल्या आवरायला घेतल्या. रद्दीवाला उद्या सकाळी नऊला येतो म्हणालाय. कपडे आणि भांडी चर्चमधल्या बायकांनी गेल्या आठवड्यातच नेली. पलंग आणि कपाट घरातच राहणार आहेत. उरले ते कागद, आणि कागद भरपूर आहेत.

या खोल्या आमच्या घरमालकिणीच्या. त्या सरकारी दवाखान्यात नर्स होत्या. निवृत्त होऊन नऊ वर्षं झाली तरी कोल्हारात त्यांना सगळे सिस्टरच म्हणायचे. मी एकोणीस वर्षं त्यांच्या माडीवर भाड्यानं राहते. त्यांना जाऊन आज पंचवीस दिवस झाले. दुपारी खुर्चीत बसल्या जागी गेल्या, कुणाला काही करावं लागलं नाही. मुलगा पुण्याहून आला, दफन झालं, आणि त्यानं मला चावी दिली. म्हणाला, "घराचे कागद तेवढे बाजूला ठेवा. बाकी सगळं रद्दीत घाला. मोबाईल तुम्हीच ठेवा, त्याची काच फुटलीय."

रद्दीत घालायला आठ लाँगबुकं निघाली. प्रत्येकावर जाड खाकी कव्हर, आणि आत पट्टीनं आखलेले रकाने: अनुक्रमांक, तारीख, बॅच नंबर, मुदत, टेस्ट डोस, दिला, घेतला, शेरा. कुणालाही वाटेल की ही लसीकरणाची रजिस्टरं आहेत. आहेत ती एका खेळाची.

हा खेळ फोनवरचा. अंड्यातून चमत्कारिक प्राणी निघतात, त्यांना खाऊ घालून वाढवायचं आणि दुसऱ्याच्या प्राण्यांशी झुंजवायचं. खेळ काढणारी कंपनी अधूनमधून बक्षिसाचे कोड सोडते. दहाबारा इंग्रजी अक्षरं आणि आकडे. ते खेळातल्या चौकटीत टाईप केले की औषध मिळतं, खाऊ मिळतो, क्वचित एखादं अंडं मिळतं. पण कोडला मुदत असते. मुदत संपली की तो चालत नाही.

मुदत हा शब्द आला की सिस्टरांच्या पाठीचा कणा ताठ व्हायचा. पस्तीस वर्षं त्यांनी लसींच्या बाटल्यांवरच्या तारखा वाचल्या होत्या. खेळ त्यांना नातीनं शिकवला, ती नऊ वर्षांची असताना, मे महिन्याच्या सुट्टीत. नात सुट्टी संपवून पुण्याला गेली आणि आजीला कोडचं वेड लागलं.

सकाळी साडेसहाला मी दूध तापवत असताना जिन्याखालून हाक यायची. "डेअरी! ए डेअरी! खाली ये, अक्षर लागत नाही."

डेअरी म्हणजे मी. मी दूध डेअरीच्या प्रयोगशाळेत फॅट तपासते. एकोणीस वर्षांत त्यांनी मला नावानं हाक मारलेली आठवत नाही.

"सिस्टर, माझी गाडी येईल आता."

"येऊ दे. हा ओ आहे का शून्य आहे तेवढं सांग."

मी सांगायची. नव्वद टक्के वेळा शून्यच असायचं. कधी फोन कोडच्या शेवटी आपल्या मनानं मोकळी जागा सोडायचा आणि कोड नाकारला जायचा. ती मोकळी जागा सिस्टर सुईनं काटा काढावा तशी काढायच्या.

कोड शोधायचीही त्यांची पद्धत ठरलेली. आधी कंपनीचं स्वतःचं पान. मग कोड सांगणाऱ्या पोरांचे व्हिडिओ. ती पोरं वीस मिनिटं ओरडतात आणि शेवटी एक कोड देतात. सिस्टर आवाज बंद करून थेट शेवटच्या दोन मिनिटांवर जायच्या. "एवढा आरडाओरडा तर बाळंतपणात पण होत नाही," म्हणायच्या. फसव्या जागा त्यांना लांबून कळायच्या. त्यांचा नियम साधा होता. "जो कोड माझी जन्मतारीख विचारतो तो कोड नाही."

खेळणाऱ्यांच्या एका ग्रुपवरही त्या होत्या. तिथली पोरं त्यांना 'भाई' म्हणायची. कुणी मुदत संपलेला कोड टाकला की सिस्टर त्याला लिहायच्या, "तारीख बघून टाकत जा. निष्काळजीपणा बरा नव्हे." उत्तर यायचं, "सॉरी भाई." हे मला दाखवताना त्या हसायच्या नाहीत. मी हसायची.

मिळालेला प्रत्येक कोड आधी स्वतःच्या खात्यावर वापरून बघायचा, हा दुसरा नियम. त्याला त्या टेस्ट डोस म्हणायच्या. पेनिसिलिन देण्याआधी कातडीखाली थेंबभर टोचून वाट बघतात, तसं. चालला तर रजिस्टरात बरोबरची खूण, नाही चालला तर लाल शाईनं आडवी रेघ. साधा कोड कितीही जणांना चालतो, प्रत्येकाला एकदा. त्यामुळे टेस्ट डोसनं काही बिघडत नसे.

त्यांच्या प्राण्यांची नावं म्हणजे त्यांची नोकरीची गावं. पहिली नेमणूक खर्ड्याला झाली होती, म्हणून एका काटेरी सरड्यासारख्या प्राण्याचं नाव खर्डा. "पाण्याशिवाय तगतो," एवढंच कारण सांगितलं. हा खर्डा त्यांचा लाडका. पण लाडका असो की नसो, झुंजीत जखमी झालेला प्राणी त्या तीन दिवस झुंजीला काढायच्या नाहीत. खेळात असा काही नियम नाही. औषधाचा थेंब टाकला की प्राणी लगेच उभा राहतो. सिस्टर औषध टाकायच्या आणि शिवाय तीन दिवस झोपवायच्या. त्यामुळे चार वर्षं रोज खेळूनही त्या एकतिसाव्या पायरीवर होत्या. ग्रुपवरची पोरं दोन महिन्यांत साठाच्या पुढं जातात म्हणे.

मी एकदा म्हटलं, "सिस्टर, खोटा प्राणी आहे तो."

"जखम खरी दाखवतायत ना? मग झालं."

माणूस हेकट होता. सगळी नोकरी तशीच केली. पोलिओच्या मोहिमेत ज्या घराला कुलूप असेल त्या दारावर खडूनं फुली मारायची आणि परत जायचं, अशी रीत होती. एका वर्षी वरचे साहेब म्हणाले, तीनच फुल्या राहिल्यात, खोडा आणि शंभर टक्के लिहून द्या. सिस्टरांनी दिलं नाही. साहेबांनी गावासमोर बोलून घेतलं. संध्याकाळी त्या तिन्ही दारांवर परत गेल्या. दोन उघडी सापडली. तिसऱ्याची फुली रजिस्टरात तशीच राहिली. हे त्यांनी मला निदान दहा वेळा सांगितलं असेल आणि दर वेळी शेवटी म्हणायच्या, "कुलूप होतं तर कुलूपच लिहिणार. पण परत गेले होते, तेही लिहिलंय."

आता मुलाचं. ते सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही.

सिस्टरांचे मिस्टर गेले ते पहाटे. मी वरच होते, लोकांना चहा मीच केला. त्या दिवशी अंगणवाडीत लसीकरण होतं. लस निघालेली, आया पोरं घेऊन येणार, बदली नर्स मिळाली नाही. नऊ वाजता सिस्टर उठल्या, पांढरी साडी नेसल्या आणि गेल्या. अकराला परत आल्या, साडी बदलली आणि शवपेटीशेजारी उभ्या राहिल्या. चौदा मुलं झाली म्हणाल्या. मुलगा तेव्हा काही बोलला नाही. मलाही ते बरं वाटलं नव्हतं. आज विचाराल तर नक्की सांगता येणार नाही.

मुलगा बोलला ते फार वर्षांनी, म्हणजे तीन वर्षांपूर्वी. भांडण सुरू झालं घर विकायचं का ठेवायचं यावरून. मी जिन्यात कपडे वाळत घालत होते. तो ओरडला, "तुला माणसं नकोतच. तुला रजिस्टर पाहिजे! बाबा घरात पडले होते आणि तू रजिस्टर भरत होतीस!" सिस्टर म्हणाल्या, "पोरांना टोचत होते. रजिस्टर नंतर भरलं." खरं बोलल्या, पण ते बोलायची ती वेळ नव्हती. तो त्याच दुपारी गेला. नंतर त्यांचा फोन त्याच्याकडे लागेनासा झाला. नातीचा वेगळा फोन नव्हता, ती आईचा वापरायची, आणि तोही लागेना.

राहिला खेळ. खेळात नात त्यांच्या मैत्रिणींच्या यादीत होती. तिथं बोलता येत नाही. हसरा चेहरा, टाळ्या असली ठरलेली चित्रं तेवढी पाठवता येतात. पण नावापुढं दिसतं, शेवटची कधी आली. 'दोन तासांपूर्वी.' 'काल.' सिस्टर रोज सकाळी ते बघून रजिस्टरात लिहायच्या, पेशंटचं टेंपरेचर लिहावं तसं.

आणि त्या कार्डं पाठवायला लागल्या. साधं पोस्टकार्ड. वर नातीचं नाव, पुण्याचा पत्ता, आणि मजकुराच्या जागी मोठ्या अक्षरात एक कोड. बाकी एक शब्द नाही. पत्र लिहिलं तर मुलगा फाडेल, नुसते आकडे कोण कशाला फाडेल, असा त्यांचा हिशोब. कार्ड पोचून नात ते वापरेपर्यंत कोड जिवंत पाहिजे, म्हणून आठ दिवसांपेक्षा कमी मुदतीचा कोड त्या टाकायच्याच नाहीत. लसीचा डबा बर्फात ठेवून वाडीवस्तीवर न्यायचा, तोच विचार.

पोस्टमन हैराण. एकदा माझ्यासमोरच म्हणाला, "सिस्टरबाई, हे लिव्हलंय तरी काय? मला तर कुनाच्या तिजोरीचा नंबर वाटतोय."

"तुला वाचायला कुणी सांगितलं?"

"उघडं कार्ड हाय. डोळं मिटून टाकू व्हय?"

"मिटून टाक. पण आजच्या थैलीत टाक. बारा दिवसांत मरतंय ते."

"आता कार्डं बी मरायला लागली! लई झालं."

पण टाकायचा. आणि सात-आठ दिवसांनी नात खेळात यायची, टाळ्यांचं चित्र पाठवायची. 'घेतला' या रकान्यात त्या दिवशी बरोबरची खूण पडायची. चार नंबरच्या रजिस्टरापासून सातव्यापर्यंत अशा खुणाच खुणा आहेत. आज बसून बघितल्या.

मग मार्च महिना आला आणि माझ्या हातून चूक झाली.

सिस्टरांना कंपनीला पत्रं लिहायची सवय होती. खेळात जखम न धुता औषध लावतात, हे चूक आहे, असं त्यांनी कंपनीला मोडक्या इंग्रजीत सहा वेळा कळवलं होतं. सातव्या वेळी कंपनीनं आभार मानले आणि एक कोड पाठवला. त्यात एक दुर्मिळ अंडं होतं, विकत न मिळणारं. सिस्टरांचा चेहरा मी तेवढा उजळलेला कधी पाहिला नव्हता. "हे तिला जाणार," म्हणाल्या. तेव्हा नात 'काल' वरून 'सहा दिवसांपूर्वी' वर आली होती. मुलं मोठी होतात, खेळ सुटतो. हे मला कळत होतं, त्यांनाही कळत असणार. अंड्यासाठी ती परत रोज येईल, असं त्यांनी धरलं होतं.

त्यांचा उजवा डोळा नुकताच ऑपरेशन करून बांधलेला होता. म्हणून फोन माझ्या हातात. मी डेअरीच्या घाईत.

"कोड टाक," सिस्टर म्हणाल्या.

"कार्डावर?"

"आधी टेस्ट डोस. नेहमीसारखा."

मी टाकला. फोनवर फटाके उडाले, अभिनंदन आलं, अंडं त्यांच्या खात्यात येऊन बसलं. मग मी कंपनीचं पत्र खाली सरकवलं. शेवटच्या ओळीत लिहिलं होतं की हा कोड एकाच खात्यावर, एकदाच चालेल.

डेअरीत मी रोज दोनशे बाटल्यांवरची लेबलं वाचते. त्या दिवशी एक पत्र शेवटपर्यंत वाचलं नाही.

मी ओळ वाचून दाखवली. सिस्टर म्हणाल्या, "वाया नाही गेला. चुकीच्या दंडात गेला." आणि रजिस्टर मागितलं. शेऱ्यात त्यांनी एका डोळ्यानं काय लिहिलं ते मी आज वाचलं: 'आदेश माझा. चूक माझी.' मी टाईप केल्याचं कुठंच लिहिलेलं नाही. खोटं नाही, पण पूर्णही नाही. त्यांच्या रजिस्टरात अशी नोंद दुसरी नसेल.

न फोडलेलं अंडं मैत्रिणीला भेट देता येतं, पण देणारा चाळिसाव्या पायरीवर पाहिजे. सिस्टर एकतिसाव्या. डोळ्याची पट्टी सुटली तशा त्या झुंजायला बसल्या. सकाळी, दुपारी, जेवण झाल्यावर. आणि जी गोष्ट चार वर्षं केली नव्हती ती करायला लागल्या. जखमी प्राण्याला औषधाचा थेंब टाकायचा आणि लगेच झुंजीला काढायचा. एकदा मी दळण ठेवायला खाली गेले तर त्या फोनकडं बघत पुटपुटत होत्या, "खर्ड्या, बाबा, एवढी एक झुंज. माफ कर."

डोळ्यातून पाणी गळायचं. ते ऑपरेशनचं.

मी म्हटलं, "सिस्टर, ती पोरगी मे महिन्यापासून आलेली नाही खेळात. कार्डं जातायत, ती येत नाही. कुणासाठी डोळे फोडताय?"

"फुलीचं घर आहे," म्हणाल्या. "परत जायचं असतं."

"आणि उघडलं नाही तर?"

"तर तसं लिहायचं. तू जा, तुझी गाडी चुकेल."

चौदा जुलैला त्या चाळिसाव्या पायरीवर पोचल्या आणि अंडं नातीला पाठवलं. अठरा जुलैला गेल्या.

आठव्या रजिस्टरातली शेवटची नोंद समोर आहे. तारीख १४/७. दिला: बरोबरची खूण. घेतला: कोरं. शेरा: एक फुली. आणि मुदतीच्या रकान्यात १३/८, कारण भेट तीस दिवस पडून राहते आणि मग आपोआप नाहीशी होते.

तेरा ऑगस्ट म्हणजे उद्या.

मी फुटक्या काचेचा फोन चार्जिंगला लावला. उघडायची खूण मला डोळ्याच्या ऑपरेशनपासून माहीत आहे. खेळ उघडला. नातीच्या नावापुढं लिहिलं होतं, 'चौऱ्याण्णव दिवसांपूर्वी.' खर्डा कोपऱ्यात झोपलेला होता. फोन बंद केला, रजिस्टरं सुतळीनं बांधली, आठवं वर ठेवलं. खोली झाडली. आज पाठ धरली आहे. पस्तीस वर्षं नर्स असलेल्या बाईनं चार वर्षं या कामात घालवली, आणि मी त्यातलं एक बटण चुकीचं दाबलं. एवढाच माझा संबंध. त्यांच्या घरच्या भानगडीत मी कधी पडले नाही, पडायची इच्छाही नाही.

१३ ऑगस्ट. सकाळी पावणेआठला मी मुलाला फोन लावला.

"कोल्हारहून बोलतेय. तुमच्या मुलीला फोन द्या."

"काय झालं? घराचं काही?"

"नाही. तुमच्या आईनं तिला एक अंडं पाठवलंय, खेळातलं. आज घेतलं नाही तर जाईल."

"अंडं? मॅडम, मी ऑफिसला निघालोय."

"तुम्ही निघा. फोन मुलीला द्या."

मला वाटलं, ठेवणार. तो म्हणाला, "कार्डं मीच वर आणायचो. खालच्या पेटीतून. प्रत्येक वेळी." त्याला माझ्याकडून काही ऐकायचं नसावं. मग तो फोन तोंडापासून लांब धरून हाक मारताना ऐकू आला.

मुलगी आली. आवाज आता मोठ्या मुलीचा झालाय. "काकू, तो गेम मी काढून टाकला."

"परत घाल."

"मला शाळेत जायचंय."

"मला पण डेअरीत जायचंय. घाल, मी थांबते."

मी थांबले. गॅसवर दूध होतं, ते उतरवलं. दुसऱ्या हातात सिस्टरांचा फोन होता. सहा-सात मिनिटांनी नातीच्या नावापुढचे चौऱ्याण्णव दिवस, आता पंच्याण्णव झालेले, गेले आणि तिथं आलं, 'आत्ता.'

"काकू, गेममधल्या टपालात आजीचं नाव आहे."

"मग घे ते."

"आजीनं यात काही लिहिलंय का?"

"त्यात लिहिता येत नाही. तुला माहितीय."

"हो." नंतर म्हणाली, "निघालं. नाव विचारतंय."

"दे मग. मी ठेवते, माझी गाडी आली."

गाडी आली नव्हती; रद्दीवाल्यासाठी आज मी उशिरा जाणार होते. काय नाव दिलं ते मी विचारलं नाही. आठवं रजिस्टर काढलं, १४ जुलैच्या ओळीत 'घेतला'च्या रकान्यात बरोबरची खूण केली, शेऱ्यातल्या फुलीपुढं '१३/८, स. ८.०५, फोनवर खात्री केली' असं लिहिलं आणि खाली माझी सही केली, पूर्ण नावानं. नऊला रद्दीवाला आला. त्याला सात रजिस्टरं दिली. आठवं खाकी कागदात बांधून त्यावर पुण्याचा पत्ता घातला आणि डेअरीत जाताना पोस्टात टाकलं.